विहिरीचं काय लिहिलंय?

मे महिन्यात मामांनी राजापूर तालुक्यातल्या आमच्या गावाहून व्हॉट्सॲपवर दहा फोटो पाठवले. गावाजवळ येऊ घातलेल्या प्रकल्पाच्या पर्यावरण अहवालाचा तो मराठी सारांश होता. सोबत त्यांचा आवाज: "बघ गो, ह्यात आपल्या विहिरीचं काय लिहिलंय?"

विहिरीचं काहीच नव्हतं. 'भूजलावरील परिणाम नगण्य राहील', एवढं एक वाक्य. मूळ अहवाल इंग्रजीत, चारशेवर पानांचा. इथे लेक नदीच्या काठी, माझ्या डच गावात, मी दोन रात्री तो वाचला. उन्हाळ्यात कोणत्या बाजूच्या विहिरी किती खाली जातील, याचा तक्ता एका प्रकरणाच्या शेवटी होता. ज्याची विहीर आटणार, त्याला वाचता येणार नाही अशा भाषेत.

यात कायदा मोडला गेला असं नाही, आणि माझा आक्षेप नेमका तिथेच आहे. २००६ च्या पर्यावरण आघात मूल्यांकन अधिसूचनेत सारांश जास्तीत जास्त दहा ए-फोर पानांचा असावा असं म्हटलं आहे, आणि व्यवहारात स्थानिक भाषेत येतो तो एवढाच. जनसुनावणीची सूचना किमान ३० दिवस आधी द्यायची असते. मंजुरी मिळाली की पर्यावरणाचे दावे ऐकणाऱ्या राष्ट्रीय हरित लवादाकडे अपिलाला पुन्हा ३० दिवस, फार तर आणखी ६०. लवादाचं खंडपीठ पुण्यात आहे, पण तिथलं कामकाजही इंग्रजीत चालतं. माणसाला बोलायचा हक्क आहे, पण कशाबद्दल बोलायचं ते त्याला वाचता येत नाही.

इथे आमच्या लेक नदीचा बांध उंच आणि भक्कम करायचं ठरलं, तेव्हा मसुदा सहा आठवडे लोकांसाठी खुला होता. सगळा डचमध्ये. माझं डच अजून अडखळतं, पण शाळेच्या हॉलमधल्या बैठकीत शेजारच्या आजी छापलेलं पान हातात धरून उभ्या राहिल्या आणि त्यांच्या तळघरात पाणी झिरपण्याबद्दलचा तक्ता चुकला आहे असं त्यांनी अभियंत्याला सांगितलं. त्यांचं शिक्षण फार नाही. कागद त्यांच्या भाषेत होता, बस.

इथलं सगळं चांगलं असं मी म्हणत नाही. गुराढोरांच्या शेणमुतातून वगैरे होणाऱ्या नायट्रोजन प्रदूषणाच्या प्रश्नावर इथल्या सरकारने वर्षानुवर्षं चालढकल केली, २०१९ मध्ये राज्यपरिषदेने, म्हणजे इथल्या सर्वोच्च प्रशासकीय न्यायालयाने, सरकारची परवाने देण्याची पद्धतच रद्द ठरवली आणि त्याच वर्षी ट्रॅक्टर घेऊन शेतकरी रस्त्यावर आले. पण त्या भांडणात कुणी 'आम्हाला कागदच वाचता आला नाही' असं म्हटल्याचं माझ्या कानावर आलं नाही.

गेल्या दोन वर्षांत महाराष्ट्रात मराठीवरून केवढं रान उठलं! ऑक्टोबर २०२४ मध्ये अभिजात दर्जा मिळाला, २०२५ मध्ये पहिलीपासून हिंदीचा निर्णय सरकारला मागे घ्यावा लागला. दोन्ही वेळी मीही इथून आनंद केला. पण पाट्यांची मराठी आणि शाळेतली मराठी यांच्यासाठी जेवढं बळ लावलं, त्याचा एक हिस्सा पाणी, जमीन, समुद्र यांचा निकाल लावणाऱ्या कागदाच्या मराठीसाठी का लागू नये?

ही मागणी नवी नाही. २०२० मध्ये केंद्राने मूल्यांकनाच्या नव्या अधिसूचनेचा मसुदा हिंदी-इंग्रजीतच काढला. तो राज्यघटनेच्या आठव्या अनुसूचीतल्या सर्व २२ भाषांत द्या, असा आदेश ३० जून २०२० ला दिल्ली उच्च न्यायालयाने दिला. केंद्र सर्वोच्च न्यायालयात गेलं, म्हणणं असं की राजभाषा कायद्याला दोन भाषा पुरतात. तेव्हाचे सरन्यायाधीश शरद बोबडे, मूळचे नागपूरचे. त्यांच्या पीठाने केंद्राला पुनर्विचारासाठी उच्च न्यायालयातच परत पाठवलं आणि त्या कायद्यात दुरुस्ती करण्याचाही विचार करा असं सुचवलं.

अनुवादाला वेळ लागतो, खर्च येतो, अर्थ निसटतो, असं मला वकील मित्र सांगतात. अर्थ निसटतो हे खरं. म्हणून वाद झाल्यास कोणता पाठ ग्राह्य धरायचा ते लिहून ठेवावं. खर्चाचं मात्र पटत नाही. युरोपीय संघ आपले कायदे २४ भाषांत काढतो, त्यात सहा लाखांहून कमी वस्तीच्या माल्टाची भाषाही आहे. मराठी मातृभाषा असणारे २०११ च्या जनगणनेत आठ कोटींवर होते.

आणि मराठीला कायदा पेलत नाही असं कोण म्हणेल? गेल्या सुट्टीत पुण्याच्या अप्पा बळवंत चौकात सातबारा, फेरफार, कूळकायदा यांवरच्या मराठी पुस्तकांनी भरलेली फळी पाहिली. परंतुक, पोटकलम, कब्जेदार हे शब्द तलाठ्यापासून शेतकऱ्यापर्यंत सगळ्यांच्या तोंडी आहेत, कारण जमिनीचा कारभार मराठीत चालत आला. पर्यावरण कायद्यावरचं, गावातल्या माणसाला हातात धरता येईल असं एक पुस्तक मागितलं, तर दुकानदाराने शाळेच्या प्रकल्पवह्या पुढे केल्या. भूजल, धूळ, खारफुटी, भरपाई यांची प्रकरणं मराठीत येऊ लागली, तर त्यावर लिहिणारेही येतील. आज त्यांना लिहायला मूळ मजकूरच मराठीत नाही.

म्हणून राज्य सरकारकडे माझं मागणं छोटं आहे. परिणामांचं आणि उपाययोजनांचं प्रकरण पूर्ण मराठीत द्यावं, आणि सुनावणीचे ३० दिवस ती प्रत ग्रामपंचायतीत पोचल्याच्या तारखेपासून मोजावेत.

मी मामांना तो तक्ता मराठीत लिहून पाठवला. त्यांनी वहीत उतरवून घेतला आणि वाडीतल्या सात घरांना वाचून दाखवला. सुनावणी पुढच्या मंगळवारी आहे.