भाकणुकीचं वासरू आणि आमच्या घरच्या ग्रुपवरचं भांडण

संक्रांतीच्या दुसऱ्या दिवशी आमच्या घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर जेवढी भांडणं होतात तेवढी वर्षभरात प्रॉपर्टीवरून पण होत नाहीत. कारण एकच, भाकणूक. सोलापूर सोडून पुण्या-मुंबईला गेलेल्यांसाठी सांगतो, सिद्धेश्वर महाराजांच्या गड्डा यात्रेत 14 जानेवारीला होम मैदानावर होमविधी होतो आणि त्यानंतर रात्री उशिरा दिवसभर उपाशी ठेवलेलं एक वासरू आणतात. देशमुखांच्या वाड्यातलं. त्याच्यापुढं धान्य, कडधान्य, गूळ, खोबरं, गाजर, बोरं असं सगळं मांडतात आणि ते काय करतं यावरून यात्रेचे मानकरी हिरेहब्बू वर्षाचं भाकीत सांगतात, हीच भाकणूक. मूत्र टाकलं की पाऊस चांगला, बिथरलं की काहीतरी आपत्ती, ज्याला तोंड लावलं ती वस्तू महागणार. सकाळी पेपरात हेडिंग तयार असतंय, लाल वस्तू महागणार, पाऊसमान समाधानकारक वगैरे.

मग ग्रुपवर सुरू. पुण्यातला आयटीवाला चुलतभाऊ लिहितो की हवामान खात्याचं बजेट या वासराला द्या. त्यावर धाकटे काका, आमची श्रद्धा आहे, तुला नसेल तर गप बस. मग कुणीतरी दुसऱ्या धर्माचं उदाहरण काढतं की त्यांना विचारा ना आधी, आपल्यालाच का. मग दोघं ग्रुप सोडतात आणि रथसप्तमीपर्यंत परत ॲड होतात. दर वर्षी हेच बे.

मला या भांडणाचा कंटाळा आलाय, कारण दोन्ही बाजू एकच प्रश्न धरून बसल्यात, खरं का खोटं. वासराला पाऊस कळतो का? अहो नाही कळत, काकांना पण माहितीय ते. माझे वडील आयुष्यभर कोरडवाहू रानात ज्वारी करत आलेत, भाकणूक ऐकायला ते रात्री थंडीत कानटोपी घालून उभे राहतात, पण पेरणीच्या वेळी वासरू काय म्हणालं होतं हे त्यांनी एकदाही काढलेलं मला आठवत नाही. पेरायच्या आधी ते रानात उकिडवे बसतात, वरची माती बाजूला सारतात, बोटाची दोन पेरं आत घालतात आणि ओल लागली की वास घेतात. ओल वीतभर खाली गेली नसेल तर कुणीही काही सांगो, चाड्यावर मूठ धरत नाहीत. आमच्याकडं पाऊस मुळात कमी, त्यात खरा पाऊस उत्तरा-हस्ताचा, त्याच्या ओलीवर रब्बी. हे ज्याला कळतं तो भाकणूक ऐकतो ती वर्षाची सुरुवात म्हणून. हे खरं-खोट्याच्या खात्यात बसतच नाही.

म्हणून मी आता असल्या प्रत्येक गोष्टीत वेगळंच बघतो. यात भोगतं कोण? आणि जो भोगतो त्याला नाही म्हणायची सोय होती का? एवढंच. हा एक प्रश्न लावला की जुन्या गोष्टी आणि प्रथा आपोआप वेगवेगळ्या होतात, श्रद्धा-अंधश्रद्धा हा वाद घालायलाच लागत नाही. वासराचं म्हणाल तर एक दिवसाचा उपास, त्यावर मी काही मोर्चा काढणार नाही. अर्धपोटी ठेवलं तरी चालेल की, असं माझं मत, मानकऱ्यांनी ठरवावं.

पण त्याच संध्याकाळचा होमविधी घ्या. सिद्धेश्वर महाराजांच्या अंगणात एक कुंभाराची मुलगी रोज सडा-रांगोळी करायची, तिनं लग्नाचा हट्ट धरला, महाराज ब्रह्मचारी, मग तिचं लग्न त्यांच्या योगदंडाशी लागलं. 13 तारखेला संमती कट्ट्यावर लाखभर हात अक्षता टाकतात ते हे लग्न. अक्षतांच्या वेळचं ‘दिड्डम दिड्डम’ ऐकलं की अजून माझ्या अंगावर काटा येतो, खोटं कशाला बोलू. पण दुसऱ्या दिवशी बाजरीच्या पेंढीला साडी नेसवतात, मणी-मंगळसूत्र घालतात आणि तिला अग्नी देतात. ती कुंभारकन्या. लग्न झालं आणि दुसऱ्या दिवशी ती अग्नीत गेली अशी कथा. मी लहान असताना आज्जीला विचारलं होतं की ती का जळाली, तर आज्जी म्हणाली, तिचं काम झालं होतं बाळा. आज्जीनं हे इतक्या सहज सांगितलं की मी पुढं काही विचारलं नाही, आणि खरं सांगायचं तर हजारो लोकांत उभं राहून तो अग्नी बघताना ‘ही का जळाली’ असं मोठ्यानं विचारणारं मी अजून कुणी बघितलेलं नाही. तिला आपण ओळखतो पण कुंभारकन्या म्हणूनच.

एकदा हे दिसलं की मग सगळीकडं दिसायला लागतं. भुईकोट किल्ल्यात बाळंतीण विहीर आहे, शाळेच्या सहलीला जो कुणी न्यायचा तो आपापली गोष्ट सांगायचा, एकापेक्षा एक भयानक. बुरूज टिकेना म्हणून बाळंतीण चिणली, तळ्याला पाणी लागेना म्हणून सून दिली, असल्या गोष्टी महाराष्ट्र-कर्नाटकात किल्ल्या-किल्ल्याला, तळ्या-तळ्याला आहेत. आमच्या वाड्यात वरच्या मजल्यावर एक कानडी आज्जी राहायच्या, त्या ‘केरेगे हार’, म्हणजे तळ्याला बळी, हे कानडी गाणं म्हणायच्या. गौडानं तळं बांधलं, पाणी लागत नाही, ज्योतिषी सांगतो की सून द्या, मग थोरली नको, धाकटी चालेल म्हणून धाकटी भागीरथी ठरते. ती माहेरी जाऊन येते, कुणी तिला धरून ठेवत नाही, आणि शेवटी पाणी पायापासून वर चढत जातं. आज्जी रडायच्या म्हणताना. म्हणजे बघा, ते गाणं तिच्या बाजूनं होतं! बळी गेलीच, पण गाणाऱ्या बाया तिच्या बाजूनं होत्या. लोककथा म्हणजे अडाणीपणा म्हणणाऱ्यांना हे दिसत नाही, आणि परंपरा परंपरा करणाऱ्यांना तर त्या गाण्यातलं रडणंच ऐकू येत नाही. आणि गंमत म्हणजे आमच्याच गावचा सिद्धेश्वर तलाव, तो शरणांनी, म्हणजे शिवभक्तांनी, स्वतः खपून खोदला अशी आपली कथा. तिथं कुणाची सून लागली नाही.

मंगळवेढ्याचे चोखोबा घ्या. त्यांच्या हाडांतून विठ्ठल विठ्ठल ऐकू आलं आणि नामदेवांनी ती हाडं ओळखून पंढरपूरला आणली, हे आपल्याला पाठ. पण 1338 साली ते गेले ते गावकुसाचं बांधकाम करताना कुसू अंगावर पडून, हे कीर्तनात एका वाक्यात उरकतं. समाधी विठ्ठलाच्या देवळाच्या महाद्वारासमोर, म्हणजे बाहेरच. त्यांच्या लोकांना आत जायला 1947 चा मे उजाडावा लागला, साने गुरुजींना 10 दिवस उपाशी राहावं लागलं. चमत्कार लक्षात राहिला, भिंत विसरलो.

आता आमच्या घरातलं सांगतो. माझी एक आत्या, दक्षिण सोलापूरच्या एका खेड्यात दिलेली. तिला लहानपणीच केसांची जट आली. यल्लम्माचं बोलावणं आलं असं गावानं ठरवलं, पोरीला देवीला सोडा म्हणून मागं लागले, आजोबांनी सोडलं नाही, याबद्दल त्यांना मानलं पाहिजे, पण जट कापू पण दिली नाही. मग ती जट घेऊनच तिचं लग्न झालं, तीन पोरं झाली. मनगटाएवढी जाड, कमरेच्या खाली आलेली, हळद-कुंकू लावून लावून वरून कडक झालेली. पावसाळ्यात वाळायची नाही. आत्या एका कुशीवरच झोपायची कारण दुसऱ्या कुशीला मान ओढली जायची, आणि शेजारच्या बायका सणाला येऊन त्या जटेच्या पाया पडायच्या. आत्याच्या नाही हां, जटेच्या.

अंनिसच्या, म्हणजे अंधश्रद्धा निर्मूलन समितीच्या, एक बाई यायच्या. पहिल्यांदा आल्या तेव्हा मामांनी, म्हणजे आत्याच्या नवऱ्यानं, बाहेरूनच घालवलं. नंतर परत आल्या, चहा झाला, परत आल्या. त्यांनी कधी देवी खोटी आहे असं म्हटलं नाही, मला ते फार आवडलं. त्या म्हणायच्या, आक्का मान दुखते का? बास. शेवटी एक दिवस आत्याच म्हणाली, कापा. परसात पोत्यावर बसवलं, बाईंनी आधी मुळाशी तेल चोळलं, मग साध्या कात्रीनं थोडं थोडं कापत गेल्या, कात्री अडकायची, दुपारपर्यंत चाललं. आत निघालं काय तर गुंतलेले केस, धूळ, हळद, चिकट झालेलं तेल आणि उवा. आत्याची सासू देवापुढं डोळे मिटून बसलेली, आता घरात काय होतंय म्हणून. काही झालं नाही. आत्यानं मान डावीकडं वळवली, उजवीकडं वळवली, परत डावीकडं वळवली आणि हसायला लागली, आणि मग तिलाच भीती वाटून तिनं तोंडाला पदर लावला. त्या रात्री ती उताणी झोपली. सासूनं पुढच्या मंगळवारी नैवेद्य केला, तोही आत्यानंच रांधला. तिची देवी तिच्याकडंच आहे अजून, देव्हाऱ्यात फोटो आहे.

डॉ. दाभोलकरांचा 20 ऑगस्ट 2013 ला खून झाला आणि त्याच वर्षी तो जादूटोणाविरोधी कायदा झाला. ग्रुपवर काका म्हणतात त्या कायद्यानं देवधर्म बंद होणार होता. अहो काका, त्यात वारी, यात्रा, कीर्तन, पूजा यांना हात लावलेला नाही, तसं कलमच आहे. भूत उतरवतो म्हणून मारणं, साखळीनं बांधणं, भानामतीची भीती घालून लुबाडणं, हे त्यात आहे. म्हणजे कायदा पण मोजतो ते इजा किती हेच.

सोलापूरजवळच्या बाबा उमर दर्ग्यात तान्ही बाळं जवळजवळ 50 फुटांवरून खाली धरलेल्या चादरीत सोडायचे, ते टीव्हीवर जगभर दाखवलं होतं. हिंदू-मुसलमान दोघांची बाळं असायची. तसंच इकडं इंडीजवळ संतेश्वराच्या देवळात. म्हणून ‘आधी त्यांना विचारा’वाल्यांना सांगतो, मी दोघांनाही विचारतो. ज्याला बोलता येत नाही त्याच्यावर तुमचा नवस फेडू नका. विषय संपला.

सगळ्यात जिवाला लागलेली गोष्ट मात्र देवाची पण नाही. 1 जुलै 2018, धुळे जिल्ह्यातलं राईनपाडा. मुलं पळवणारी टोळी आलीय अशी अफवा मोबाईलवरून फिरत होती, आठवड्याचा बाजार होता, आणि पाच जणांना ग्रामपंचायतीच्या खोलीत कोंडून ठार मारलं. नाथपंथी डवरी गोसावी, भिक्षा मागत फिरणारे, बहुतेक आपल्या मंगळवेढा तालुक्यातले. डवरी गोसावी म्हणजे ज्यांच्या तोंडून आपल्या आज्या-पणज्यांनी भैरवनाथाच्या, नाथांच्या गोष्टी ऐकल्या ते लोक. झोळीवाला बाबा पोरं नेतो हे आपण पोरांना जेवू घालताना सांगतो ना, बघ जेव नाहीतर बाबा येईल, तीच गोष्ट मोबाईलवर आली आणि मोठ्या माणसांनी खरी मानली. ही कुठली जुनी प्रथा? ती पुढं पाठवणाऱ्यांत शिकलेले नव्हते असं मला कुणी सांगू नका. आमच्या ग्रुपवर पण तो मेसेज आला होता, आणि टाकणारा होता तो वासराला हसणारा आयटीवाला भाऊ. वासराचं भाकीत चुकलं तर हसं होतं, याचं चुकलं तर माणूस मरतो, एवढा फरक आहे बे भावा.

आता कमेंटमध्ये येणार, मग यात्रेतल्या नंदीध्वजाच्या काठ्या पण बंद करा म्हणशील. नाही म्हणणार. नंदीध्वज मी डोळे भरून बघतो. कारण तिथं ओझं उचलणारा स्वतः उचलतो. दोन मजली उंच काठी, कमरेच्या पट्ट्यात बुड टेकवायचं, वर फक्त दोन हात, आजूबाजूला सांभाळणारे असतात पण तोल त्याचाच. अंगात पांढरी बाराबंदी, घामानं पाठीला चिकटलेली, पायात काही नाही आणि रस्ता आमच्या गावचा, खड्डे तुम्हाला माहितीच आहेत. सात काठ्यांत मातंग समाजाच्याही काठ्या आहेत, मान ठरलेला आहे आणि तो मान ते हक्कानं घेतात. कुणाला जमत नसेल तर शेजारचा खांदा देतो, सोडून दिलं म्हणून कुणी शाप देत नाही. यात्रेच्या पहिल्या दिवशीच्या यण्णीमज्जनापासून शेवटच्या कप्पडकळ्ळीपर्यंत पाच दिवस मी रजा टाकतो, साहेब दर वर्षी कुरकुरतात.

कुंभारकन्येबद्दल मात्र माझं एक म्हणणं आहे आणि ते मी मानकऱ्यांच्या कानावर पण घालणार आहे. होम बंद करा असं नाही म्हणत. पण 13 तारखेला लग्नाच्या वेळी जी कथा लाऊडस्पीकरवरून सांगतात त्यात तिच्याबद्दल जरा जास्त सांगा की ओ. ती कुठं राहायची, सडा घालायला पाणी कुठून आणायची, आई-बाप काय म्हणाले, कानडी-मराठी ओव्यांत कुणी काही म्हटलंय का. उत्तर कसब्यातल्या, कुंभारवाड्यातल्या जुन्या बायकांना विचारलं तर काहीतरी निघेल. कुणाच्या आज्जीकडं तिची ओवी असेल तर फोनवर रेकॉर्ड करून मला पाठवा, कानडीत असली तरी चालेल.