एक ओळ लिहा की राव!

सकाळी चहा घेता घेता मराठी विकिपीडियावरची माझी निरीक्षणसूची, म्हणजे मी लक्ष ठेवते त्या पानांची यादी, उघडली आणि डोकंच फिरलं. एका नव्या सदस्याने तालुक्याच्या पानावर तीन वाक्यं घातली होती. शुद्धलेखन बेताचं, संदर्भ नाही. पण कुठल्या ओढ्यावर बंधारा आहे, कुठल्या गावात जुनी पेठ, असलं साधंसुधं. चार मिनिटांत एका जुन्याजाणत्या सदस्याने सगळं उलटवलं, पान पुन्हा होतं तसं. काय बदललं नि का, ते लिहायची सारांशाची चौकट कोरी. त्या बिचाऱ्याच्या चर्चापानावर चकार शब्द नाही.

अरे, एक ओळ लिहायला काय पैसे पडतात?

नाव घेत नाही. घेतलं तर संध्याकाळपर्यंत चावडीवर, विकीच्या सगळ्यांनी बोलायच्या पानावर, पंचायत बसेल.

मला लगेच मामा आठवला. एसटीत कंडक्टर होता, तीस वर्षं. निवृत्त झाल्यावर मी त्याला मोबाइलवर विकी दाखवलं, तर पठ्ठ्याने पहिलं आपल्या गावचं पान उघडलं. खेड्यांची पानं कशी असतात माहितीय ना, एका साच्यातून काढलेल्या गणपतींसारखी, नाव तेवढं वेगळं. त्यात लिहिलेलं, आठवडी बाजार गुरुवारी. "गुरुवारी? अगं, मंगळवारच्या बाजारात जन्म गेला माझा!" एका बोटाने टाइप करत त्याने गुरुवारचा मंगळवार केला. एक शब्द. पंधरा मिनिटं लागली, कारण 'ळ' सापडेना. रात्री बघतो तर पुन्हा गुरुवार. का, ते कुठेच लिहिलेलं नाही.

बरं, संदर्भ लागतो, मान्य. 'मी स्वतः पाहिलंय' चालवून घेतलं तर जो तो आपल्या पणजोबांना सरदार करून ठेवेल. पण गुरुवारला तरी कुठे संदर्भ होता? तिथे 'संदर्भ हवा' लावता आलं असतं. मामाला दोन शब्द विचारता आले असते.

आणि संदर्भ होता हो! जिल्हा गॅझेटिअर म्हणजे जिल्ह्याचा सरकारी माहितीग्रंथ, त्याच्या शेवटी गावांची यादी असते. पोस्ट कुठलं, रेल्वे स्टेशन किती लांब, मोटार कुठे थांबते, आणि बाजार कुठल्या वारी. मला हे सहा महिन्यांनी कळलं. उघडलं तर गावासमोर स्वच्छ मंगळवार. पानाच्या नंबरासकट संदर्भ टाकला, सारांशात लिहिलं 'बाजाराचा वार, गॅझेटिअरनुसार'. आजतागायत कोणी हात लावलेला नाही. पण मामाने तोवर नाद सोडला होता.

दुसरी जमात याच्या उलट. कुठल्यातरी वेबसाइटवरून चार परिच्छेद जसेच्या तसे चिकटवायचे, 'हा एक छोटा बदल आहे' वर टिचकी मारायची आणि पसार. छोटा?? चार परिच्छेद? धूळपाटी, सरावाचं पान, कशासाठी दिलीय? तिथे गिरवा, झलक बघा, मग पानावर या. एकेक वेलांटी दुरुस्त करत अकरा वेळा प्रकाशित करणारेही आहेत. अशा पानाचा इतिहास, म्हणजे कोणी कधी काय बदललं त्याची यादी, उघडला की मूळ बदल शोधता शोधता डोळे जातात.

वाईला तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशींच्या हाताखाली मराठी विश्वकोश सुरू झाला, १९७६ ला पहिला खंड आला. त्यात नोंदीखाली लिहिणाऱ्याचं आडनाव असतं बघा. शब्दाची जबाबदारी घेतलेली. आपल्याकडे लेखाखाली नाव नसतं, ते इतिहासात असतं, आणि सारांश ही तिथली सही. १ मे २००३ पासून मराठी विकी चालू आहे आणि आपण अजून सही करत नाही.

...

हे लिहिता लिहिता स्वतःचंच योगदान चाळलं. नको तेच सापडलं. गेल्या वर्षी एका रात्री मी ओळीने सतरा बदल उलटवलेत. सारांश एकातही नाही. त्या रात्री उत्पात चालला होता, पानापानावर शिव्या, आणि शिव्या देणाऱ्याला कसली डोंबलाची कारणं द्यायची. पण त्या सतरातला एक बदल नदीच्या उगमाबद्दल होता. आज नीट वाचला. बरोबर असावा असं वाटतंय. तो माणूस शिव्या देत नव्हता, उगमाचा डोंगर सांगत होता.

त्यानंतर त्याने एकही बदल केलेला नाही. मी तपासलं.

त्याच्या चर्चापानावर माफी लिहिली, कुठल्या पुस्तकात शोधता येईल तेही लिहिलं, खाली चार नागमोडी रेघांची सही ठोकली (~~~~ टाकलं की आपलं नाव उमटतं). वाचेल असं वाटत नाही. सकाळच्या त्या नव्या सदस्यालाही लिहिलं. त्याने निदान 'ठीक आहे ताई' एवढं उत्तर दिलंय.

मग मामाला फोन केला. म्हणाला, "मंगळवारच आहे ना अजून तिथं?" म्हटलं, आहे. थोडा वेळ गप्प बसला. मग म्हणतो, "पण हल्ली हायवेकडेला रविवारचा पण भरायला लागलाय. ते कोण लिहिणार?"

"छापलंय का कुठे?"

"ग्रामपंचायतीच्या फळ्यावर आहे. चालतं का?"