तोतलाडोह भरला, पण...

पेंच नदीवरचं तोतलाडोह धरण भरलं म्हणून 'नागपूरची पाण्याची चिंता मिटली' असं तुमच्या लेखात म्हटलंय. एवढ्यात पेढे नका वाटू भाऊ! जुलै २०१९ मध्ये शहरात एक दिवसाआड पाणी होतं, विसरलात का? आमच्याकडे तर अंघोळीचं पाणी बादलीत जमवून कुंड्यांना घालत होतो.

पाऊस कमी होता हे खरंच. पण वरच्या अंगाला, मध्य प्रदेशात छिंदवाड्याकडे पेंचवरच चौराई धरण झालंय. आधी ते भरणार, मग आपल्याकडे पाणी येणार. लेखात त्याचा एका शब्दानेही उल्लेख नाही, याचं नवल वाटलं.

आणखी एक. तोतलाडोहाचं पाणी थेट नळाला येत नाही. वीजघरातून खाली नवेगाव खैरीच्या धरणात येतं, तिथून शहराला आणि कालव्यांना. रामटेक-मौद्याकडचा धानवालाही त्याच पाण्याकडे डोळे लावून बसलेला असतो (त्याची आठवण आपल्याला फक्त पाणी कमी पडलं की येते). दरवाजे उघडल्याचे फोटो झकास आहेत, वादच नाही. पण मे महिन्यात किती साठा उरतो, त्यावर एक बातमी करा ना!