भांडी गातात त्या फिल्मबद्दल, दादा तुम्हाला उत्तर

नमस्कार दादा. तुम्ही दोन स्टार दिलेत आणि लिहिलंय की आमच्या जाहिरातीच्या फिल्ममध्ये परात गाते, पळ्या नाचतात, हा पोरखेळ आहे, कोल्हापूरला शोभत नाही, आणि पांढरा रस्सा बघून डबा मागवला तर आत तांबडाच निघाला.

रश्श्याचं आधी बोलते, कारण त्यात चूक आमचीच. पांढरा आम्ही फक्त बुधवारी आणि रविवारी करतो आणि हे फिल्ममध्ये कुठंच सांगितलेलं नाही. रोज जमत नाही ओ, मटणाचं अळणी, म्हणजे मटण शिजवलेलं बिनतिखटाचं पाणी, काढायचं, खसखस, पांढरे तीळ, काजू गंधासारखं बारीक वाटायचं, आणि नारळाचं दूध ओतलं की गॅस बारीक करून ढवळत उभं राहायचं, एक जोराची उकळी आली की रस्सा फुटला. आता फिल्मखाली वार ठळक लिहिलेत. तुमचा हिरमोड झाला, मनापासून सॉरी.

पण गाण्याचं नाही पटलं दादा. ते वरून चिकटवलेलं नाही. माझी आजी जात्यावर बसली की ओवी सुरू, खुंट्याला समोरून चुलत आजीचा हात, आणि दळण सरेपर्यंत दोघी थांबायच्या नाहीत, दमलेला हात ओवीवरच चालायचा. आता दळण गिरणीत जातं, चटणी डंकावर कुटून येते, पण भाकरी थापताना हात अजून तालातच पडतो. थप थप थप, मग जरा थांबून भाकरी फिरवायची, परत थप थप थप. फिल्मचा ठेका हाच आहे, आमच्या मावशींच्या हाताचा, परातीशेजारी मोबाईल ठेवून रेकॉर्ड केलेला, मधे बांगड्या वाजतात त्यापण त्यांच्याच. भांडी नाचवली ती पोरांनी घरचं जेवण हौसेनं बघावं म्हणून, आणि पोरं बघतायत.

आणि कोल्हापूरला शोभत नाही कसं म्हणता? प्रभात कंपनी १९२९ ला इथंच निघाली, मराठीतला पहिला बोलपट ‘अयोध्येचा राजा’ १९३२ ला याच गावात तयार झाला, त्याला गोविंदराव टेंब्यांचं संगीत. आपल्या गावचा सिनेमा बोलायला लागला तोच गात गात, मग आमच्या परातीनं का गाऊ नये?

या रविवारी साडेबारापर्यंत पांढऱ्या रश्श्याचा डबा पाठवते, पैसे नकोत. पत्ता मागचाच ना? तेवढा मेसेज टाका, आणि तिखट किती चालतं तेपण सांगा, म्हणजे सोबतचा तांबडा त्या बेतानं भरते.