‘अल्फेलियन’चा ताप नसतो हो, तो डेंग्यू होता

गेल्या आठवड्यात यावलहून मामीचा फोन आला, बोलता बोलता सहज म्हणाली की नातवाला तीन दिवसांपासून ताप आहे. पाच वर्षांचं पोरगं. दवाखान्यात नेलं का विचारलं तर म्हणे नाही, गोधडीत गुंडाळून ठेवलंय, पंखा बंद केलाय, हळदीचं दूध देतेय. का? तर, ‘अगं तो अल्फेलियनचा ताप आहे, ऑगस्टपर्यंत सगळ्यांलेच येणार आहे, नासावाल्यानं सांगेल आहे.’ मी ओरडले तिच्यावर, तरी एक रात्र गेलीच. चौथ्या दिवशी अंगावर पुरळ आलं, पोट दुखायला लागलं तेव्हा नेलं, रिपोर्ट डेंग्यूचा निघाला, प्लेटलेट बऱ्याच उतरल्या होत्या. आता पोरगं घरी आलंय, खातंय-पितंय. पण माझा राग काही उतरलेला नाही, म्हणून हे लिहितेय, आणि ज्या ज्या ग्रुपवर तो मेसेज पडलाय तिथे टाकणार आहे.

मेसेज तुमच्याकडेही आला असेल. उद्या पहाटे ५:२७ पासून अल्फेलियन सुरू होतंय, सूर्याचं अंतर ५ प्रकाश मिनिटं म्हणजे ९ कोटी किलोमीटर असतं ते आता १५ कोटी २० लाख होणार, म्हणजे ६६ टक्के जास्त, त्यामुळे २२ ऑगस्टपर्यंत मागच्या वर्षीपेक्षा जास्त थंडी पडणार, अंगदुखी, घसा धरणं, ताप, खोकला, दम लागणं होणार, म्हणून व्हिटॅमिन घ्या, अंग गरम ठेवा आणि सगळ्यांना पाठवा.

मी दहावीच्या पोरांच्या भूगोलाच्या शिकवण्या घेते. यातली एकच गोष्ट खरी आहे, ती आधी देऊन टाकते. पृथ्वी वर्षातून एकदा सूर्यापासून सगळ्यात लांब जाते हे खरं, पुस्तकात त्याला अपसूर्य स्थिती म्हणतात, इंग्रजी शब्द अफेलियन, ‘अल्फेलियन’ असा शब्दच नाही. ही स्थिती दरवर्षी ३ ते ६ जुलैच्या आसपास येते आणि तेव्हाचं अंतर १५ कोटी २१ लाख किलोमीटर असतं. म्हणजे मेसेजमधला मोठा आकडा बरोबर आहे. खोटा आहे तो छोटा आकडा, आणि सगळी भीती त्याच छोट्या आकड्यावर उभी केलीय.

९ कोटी किलोमीटर! हे अंतर पृथ्वीचं कधीच नसतं. प्रकाश सेकंदाला ३ लाख किलोमीटर जातो, पाच मिनिटात ९ कोटी जाईल, तेवढा गुणाकार बरोबर आहे, पण सूर्याचा प्रकाश आपल्याकडे यायला पाच मिनिटं लागत नाहीत, आठ मिनिटं वीस सेकंद लागतात, हे सहावी-सातवीतलं पोरगंही सांगेल. शुक्र सूर्यापासून साधारण १० कोटी ८० लाख किलोमीटरवर आहे. म्हणजे मेसेजवाल्यानं आपली पृथ्वी शुक्राच्याही आत नेऊन ठेवलीय! तिथे आपल्याला आत्ताच्या पावणेतीन पट ऊन लागलं असतं. आमच्या भुसावळला मे महिन्यात ४५ च्या वर पारा गेला की दुपारी रस्ते ओस पडतात, तिथे पावणेतीन पट उन्हात केळी, माणसं, तापीचं पाणी यातलं काय उरलं असतं? आणि तिथून एका पहाटेत १५ कोटींवर गेलो असतो तर ऊन एकदम तिसऱ्या हिश्शावर आलं असतं, मग खोकल्याच्या गोळ्या घ्यायलाही कोणी उरलं नसतं.

खरं अंतर किती बदलतं ते नासाच्याच वेबसाइटवर पृथ्वीच्या माहितीच्या पानावर दिलंय, ज्या नासाचं नाव मामी घेते त्याच नासाच्या: सगळ्यात जवळ १४ कोटी ७१ लाख, सगळ्यात लांब १५ कोटी २१ लाख. फरक ५० लाख किलोमीटरचा. ऐकायला मोठा वाटतो, पण अंगणात करून बघा. खिळा ठोका, दोरी घ्या, दहा लाख किलोमीटरला एक सेंटीमीटर धरा आणि दीड मीटर दोरीने गोल काढा. सूर्य मधोमधच्या त्या खिळ्यापासून अडीच सेंटीमीटर बाजूला ठेवायचा, झालं. एका बाजूला १४७ सेंटीमीटर, दुसऱ्या बाजूला १५२. नुसत्या डोळ्यांनी ती कक्षा गोलच दिसते. पुस्तकातल्या आकृत्यांमध्ये तिरप्या कोनातून दाखवायची म्हणून कक्षा चपटी, अंड्यासारखी काढतात, आणि पोरांच्या डोक्यात तेच बसतं की पृथ्वी एका टोकाला फार लांब जाते म्हणून हिवाळा येतो. दरवर्षी माझ्याकडे येणाऱ्या निम्म्या पोरांचं हेच उत्तर असतं. यात पोरांची चूक नाही, आकृतीखाली एक ओळ लिहायला पाहिजे ती कोणी लिहीत नाही.

आता मामीला मी जे फोनवर विचारलं ते तुम्हाला विचारते. आपल्याकडे कडाक्याची थंडी कधी असते? डिसेंबरचा शेवट आणि जानेवारी. तेव्हाच आपण शेतात काट्या पेटवून बामणोदची वांगी भाजतो, भरीत करतो, कळण्याची भाकरी खातो, तेव्हाच सातपुड्यातल्या तोरणमाळ आणि डाबकडे दव गोठल्याच्या बातम्या येतात. त्या वेळी पृथ्वी कुठे असते? सूर्याच्या सगळ्यात जवळ! उपसूर्य स्थिती दरवर्षी ३-४ जानेवारीच्या आसपास असते. वर्षातल्या सगळ्यात जवळच्या दिवशी आपण शेकोटीला बसलेलो असतो. अंतराने थंडी-ऊन ठरत असतं तर भरीत पार्टी जुलैत झाली असती.

मग ठरतं कशानं? पृथ्वीचा आस साडेतेवीस अंशांनी कललेला आहे त्याने, म्हणजे ऊन किती सरळ पडतं आणि किती तास पडतं त्याने. आणि हे पाठ करायची गरज नाही, सावली बघायची. जळगाव साधारण २१ अक्षांशावर आहे. ४ जुलैला दुपारी साडेबाराच्या सुमारास ढग फाटले तर बाहेर उभं राहा, सूर्य जवळजवळ डोक्यावर असतो, किंचित उत्तरेला, सावली पायाशीच पडते, दोन-तीन इंच दक्षिणेकडे. आणि ४ जानेवारीला त्याच जागी त्याच वेळी उभं राहा, सावली जवळपास तुमच्या उंचीएवढी लांब. तिरप्या उन्हामुळे तेवढ्याच जमिनीला दुपारी २७-२८ टक्के ऊन कमी मिळतं, आणि जवळ आल्यामुळे वाढतं किती तर ७ टक्के. शिवाय जुलैत दिवस सव्वातेरा तासांचा, जानेवारीत अकरा तासांपेक्षाही थोडा कमी. हिशोब कुठे जातो ते तुम्हीच बघा.

ऑस्ट्रेलियाचं उदाहरण पोरांना पटकन कळतं. आपली टीम डिसेंबर-जानेवारीत तिकडे खेळते तेव्हा तिकडे कडक उन्हाळा असतो. ७ जानेवारी २०१८ ला सिडनीजवळच्या पेनरिथला ४७.३ अंश तापमान होतं आणि तेव्हा आपण इकडे स्वेटर घालून होतो. सूर्य दोघांना सारखाच लांब. कल उलट, म्हणून ऋतू उलट.

आणखी एक गोष्ट, ही मला फार आवडते. लांब असताना पृथ्वी सावकाश चालते, केप्लरने १६०९ मध्येच हे मांडलं. म्हणून भिंतीवरच्या कॅलेंडरवर २१ मार्च ते २३ सप्टेंबर दिवस मोजा, १८६ येतात, उरलेल्या अर्ध्या वर्षाचे १७९. म्हणजे पृथ्वी लांब जाते त्याचा आपल्याला मिळणारा परिणाम हा की आपला उन्हाळ्याकडचा अर्धा भाग सात दिवसांनी मोठा आहे. थंडी वाढवायची तर बातच सोडा.

‘पण ताई, जुलैत मे पेक्षा गार वाटतं ना?’ असं एकाने ग्रुपवर विचारलं. वाटतं, नाही कोण म्हणतंय. पण त्याचं कारण १५ कोटी किलोमीटरवर शोधायचं कशाला, डोक्यावर बघा. आपला खान्देश म्हणजे वर सातपुडा, खाली सातमाळा-अजिंठ्याचे डोंगर आणि मधे तापीचा सखल पट्टा, काळी जमीन, समुद्र लांब. मे महिन्यात आभाळ स्वच्छ, जमीन कोरडी, सूर्य २५-२६ मेच्या आसपास अगदी डोक्यावर, आणि पश्चिमेकडून कोरडा गरम वारा, म्हणून पट्टा भट्टीसारखा तापतो. जूनमध्ये मान्सून आला की ढग ऊन अडवतात आणि ओल्या जमिनीतून पाणी वाफ होताना उष्णता घेऊन जातं, म्हणून दुपारचा पारा दहा-बारा अंशांनी उतरतो. आठ दिवस पावसाने दडी मारली की लगेच पुन्हा उकडायला लागतं, अपसूर्य असो नाहीतर नसो. याच्यात त्या अंतराचा हात एवढा बारीक की जुलैत सबंध पृथ्वीचं सरासरी तापमान जानेवारीपेक्षा तीन अंशांहून जास्त असतं, कारण जमीन उत्तर गोलार्धात जास्त आहे आणि जमीन पाण्यापेक्षा लवकर तापते. लांब असताना पृथ्वी जास्त गरम! मेसेजच्या बरोबर उलट.

आता तापाचं. हे मी सगळ्यात नीट लिहिणार आहे कारण बाकीचं नुसतं अडाणीपण आहे, हे मात्र जिवावरचं आहे.

पावसाळ्यात ताप वाढतो, हे अर्धसत्य त्या मेसेजला चिकटलंय आणि त्यामुळेच लोकांना तो खरा वाटतो. शेजारच्या दोन घरात ताप असतो, आपल्या घरात येतो, मेसेजमध्ये लिहिलेलंच असतं, जुळलं! पण तो ताप येतो डासांनी, दूषित पाण्यानी, एकमेकांच्या खोकल्यानी. डेंग्यूचा एडिस डास घाण गटारात नाही, स्वच्छ साठलेल्या पाण्यात अंडी घालतो आणि दिवसा चावतो. आणि खान्देशात प्रत्येक घरात असं पाणी कुठे असतं? कूलरमध्ये! मार्च ते जून कूलरशिवाय आपण जगत नाही, पाऊस आला की बटण बंद करतो आणि टाकीतलं पाणी तसंच ठेवतो, महिना महिना. अंड्यापासून डास व्हायला सात ते दहा दिवस पुरतात. माठाखालची ताटली, गच्चीवरचं टायर, उघडा ड्रम, सगळं त्यातच आलं. आठवड्यातून एक दिवस सगळी भांडी रिकामी करून घासून कोरडी करायची, एवढं साधं काम आहे, नुसतं पाणी ओतून चालत नाही कारण अंडी कडेला चिकटलेली असतात.

आणि ताप आला तर पोराला गोधडीत गुंडाळून पंखा बंद करणं हे अगदी चुकीचं. अंग आणखी तापतं. हलके कपडे, भरपूर पाणी, ओआरएस, पेज, आणि डॉक्टर. डेंग्यूचा संशय असेल तर ताप उतरवायला पॅरासिटामॉलच, अ‍ॅस्पिरिन किंवा आयबुप्रोफेन मनाने द्यायचं नाही, त्याने रक्तस्राव वाढू शकतो. पोट जोरात दुखणं, सारखी उलटी, हिरड्यातून किंवा नाकातून रक्त, पोरगं एकदम मलूल होणं, यातलं काहीही दिसलं तर त्याच क्षणी दवाखाना. आणि हे लक्षात ठेवा की डेंग्यूत धोका बरेचदा ताप उतरायला लागतो तेव्हा येतो, ‘चला उतरला’ म्हणून आपण निवांत होतो तेव्हा. ज्या माणसाने ‘ऑगस्टपर्यंत असंच होणार’ असं लिहिलं त्याने किती घरांत असे तीन-चार दिवस वाया घालवले असतील, मला विचारच करवत नाही.

बाकीचे मुद्दे पटकन. ५:२७ पासून २२ ऑगस्टपर्यंत: अपसूर्य हा एक क्षण असतो, दीड महिन्याचा मुक्काम नसतो, तो क्षण गेला की दुसऱ्याच दिवसापासून अंतर हळूहळू कमी व्हायला लागतं. ‘उद्या’: कुठला उद्या? मेसेजवर तारीख नाही, वर्ष नाही, म्हणून तर तो दरवर्षी नवाच वाटतो. मागच्या वर्षीपेक्षा जास्त थंडी: अपसूर्याचं अंतर एका वर्षापासून दुसऱ्या वर्षात नावालाच बदलतं, मग यंदाच जास्त कशी? व्हिटॅमिन: खायचीच तर फळं खा, आपल्याकडे केळी काय कमी आहेत?

केळीवरून शेवटचं. मामीकडून मेसेज मामांकडे गेला आणि मामा अडून बसले. टिश्यूकल्चरची, म्हणजे प्रयोगशाळेत वाढवलेली, केळीची रोपं बुक केलेली, मृगबाग म्हणजे पावसाळ्याच्या सुरुवातीची केळी लावायची, आणि आता म्हणे, ‘थंडी पडणार आहे तर रोपं चिलिंगमध्ये जातील, दोन महिने थांबतो.’ चिलिंगची, म्हणजे थंडीने केळी आखडण्याची, भीती त्यांना आहे ती खोटी नाही, पारा दहाच्या खाली गेला की पोंगा (शेंड्याचं गुंडाळलेलं कोवळं पान) अडकतो, निसवण (घड बाहेर येणं) रखडते, घड बारीक राहतो, त्यासाठी ते दर हिवाळ्यात रात्रीचं पाणी देतात, बांधावर धूर करतात. मी म्हटलं मामा, तुम्ही केळीचा विमा भरता ना, त्यात कमी तापमानाचा काळ कुठला धरलाय ते आठवा. नोव्हेंबर ते फेब्रुवारी. जुलै त्यात का नाही? इतकी वर्षं जुलैत कधी बागेत धूर केलात का? त्यावर ते गप्प बसले, मग म्हणाले, ‘हे बराबर आहे माय.’ आणि सप्टेंबरपर्यंत थांबले असते तर मृगबाग गेलीच असती, थेट कांदेबाग, म्हणजे पावसाळ्यानंतरची केळी, लावावी लागली असती, पाण्याचं, खताचं, तोडणीचं सगळं गणित बदललं असतं.

रोपं गुरुवारी येतायत, खड्डे घेऊन झालेत. रविवारी मी यावलला जाऊन मामीच्या कूलरची टाकी उलटी केली, तळाशी अळ्या वळवळत होत्या. मामीला हाताला धरून दाखवल्या.