पाव टक्क्याची घासाघीस आणि दहा वर्षांची मुदत

गृहकर्ज घेताना आपल्याकडे सर्वांत जास्त घासाघीस व्याजदरावर होते आणि सर्वांत कमी विचार मुदतीचा होतो. हे प्रमाण नेमके उलटे असायला हवे, असे माझे मत आहे. चार बँकांचे दर काढून आणणारे, ओळखीच्या शाखाधिकाऱ्याकडे शब्द टाकणारे आणि पाव टक्का कमी करून घेतल्याचे नातेवाइकांना अभिमानाने सांगणारे अनेक जण माझ्या पाहण्यात आहेत. यातल्याच बहुतेकांनी अर्जातल्या मुदतीच्या रकान्यात बँकेच्या प्रतिनिधीने भरलेला आकडा फारसा न पाहता सही केलेली असते. 'हप्ता किती बसतो?' हा एकच प्रश्न विचारला जातो आणि तो पगारात बसला की कर्ज परवडले असे आपण धरून चालतो.

मुंबईतलेच उदाहरण घेऊ. मुलुंड किंवा कांदिवलीच्या बाजूला १ कोटी १० लाखांचा एक लहान वन-बीएचके, त्यासाठी ८० लाखांचे कर्ज, व्याजदर ८.५ टक्के आणि मुदत २० वर्षे. हप्ता साधारण ६९,४२६ रुपये बसतो. दर शेवटपर्यंत तोच राहिला असे मानले, तर २० वर्षांत बँकेकडे १ कोटी ६६ लाखांहून अधिक रक्कम जाते, म्हणजे ८० लाखांवर सुमारे ८६ लाख ६० हजारांचे व्याज. आता घासाघीस करून दर ८.२५ टक्के करून घेतला, तर हप्ता ६८,१६५ होतो आणि २० वर्षांत मिळून जवळपास ३ लाख वाचतात. ही बचत लहान नाही, जरूर करावी. पण त्याच बैठकीत 'साहेब, हप्ता जड वाटत असेल तर ३० वर्षांची मुदत घ्या' हा सल्ला आपण मान्य केला, तर मूळ साडेआठ टक्क्यांच्या दराने हप्ता ६१,५१३ वर येतो, महिन्याला आठ हजारांच्या आत थोडी उसंत मिळते आणि एकूण व्याज १ कोटी ४१ लाखांवर जाते. तीन लाख वाचवण्यासाठी महिनाभर खेटे घालणारा माणूस एका सहीसरशी ५५ लाख जास्त देण्याचे कबूल करून उठतो. उलट, जिथे शक्य आहे तिथे २० ऐवजी १५ वर्षे घेतली, तर हप्ता ७८,७७९ होतो आणि व्याज ६२ लाखांच्या आत राहते, म्हणजे जवळपास २५ लाख वाचतात.

असे का होते ते समजून घेण्यासाठी बँकेकडून परतफेडीचा तक्ता मागून घ्यावा आणि त्याचे पहिले पान नीट वाचावे. व्याज दर महिन्याला शिल्लक मुद्दलावर आकारले जाते, त्यामुळे आपल्या उदाहरणात पहिल्या महिन्याच्या ६९,४२६ रुपयांपैकी ५६,६६७ रुपये व्याजात जातात आणि मुद्दल फिटते फक्त १२,७५९ रुपये. ३० वर्षांच्या मुदतीत तर पहिल्या महिन्यात मुद्दलाला पाच हजारही लागत नाहीत. यात बँकेची लबाडी काही नाही, गणितच तसे आहे. परंतु त्याचा परिणाम घर घेणाऱ्याला फार उशिरा कळतो. २० वर्षांच्या कर्जात पाच वर्षे नियमित हप्ते भरल्यावर आपण ४१ लाख ६६ हजार रुपये दिलेले असतात आणि कर्ज मात्र साडेनऊ लाखांनीच कमी झालेले असते. निम्मे मुद्दल फिटायला जवळजवळ चौदा वर्षे लागतात. मुंबईत हा मुद्दा विशेष महत्त्वाचा आहे, कारण इथले मध्यमवर्गीय कुटुंब पहिले घर क्वचितच शेवटचे घर म्हणून घेते. लग्नानंतर वन-बीएचके, मूल शाळेत जाऊ लागले की टू-बीएचके, हा इथला ठरलेला प्रवास आहे. सहाव्या-सातव्या वर्षी घर विकायला काढल्यावर बँकेकडून शिल्लक रकमेचे पत्र येते आणि इतकी वर्षे भरलेले पैसे गेले कुठे, असा प्रश्न घरात उभा राहतो.

त्याच वेळी दुसऱ्या घराचे मुद्रांक शुल्क पुन्हा भरावे लागते, आणि तेही या हिशेबाचाच भाग आहे. मुंबईत मेट्रो उपकरासह मुद्रांक शुल्क ६ टक्के आहे, घर केवळ महिलेच्या नावावर असेल तर १ टक्क्याची सवलत मिळते. नोंदणी शुल्क ३० हजार. आणि बांधकाम सुरू असलेल्या इमारतीत घर घेतले, तर ते परवडणाऱ्या घरांच्या व्याख्येत बसत नसल्यास ५ टक्के जीएसटी. १ कोटी १० लाखांच्या घरावर हे सगळे मिळून १२ लाखांच्या पुढे जाते. रिझर्व्ह बँकेच्या नियमानुसार ७५ लाखांपेक्षा मोठ्या गृहकर्जात घराच्या किमतीच्या ७५ टक्क्यांपर्यंतच कर्ज देता येते, आणि या किमतीत मुद्रांक शुल्क व नोंदणी धरता येत नाही. म्हणजे आपल्या उदाहरणातल्या जोडप्याला ३० लाखांचे डाउन पेमेंट आणि वर १२ लाख स्वतः उभे करायचे आहेत. हे पैसे बहुतेक वेळा आईवडिलांच्या भविष्यनिर्वाह निधीतून, मोडलेल्या मुदत ठेवींतून किंवा वैयक्तिक कर्जातून येतात. वैयक्तिक कर्जाचा दर गृहकर्जापेक्षा बराच जास्त असतो आणि 'आमचे गृहकर्ज साडेआठ टक्क्यांचे आहे' असे सांगताना ते कोणी हिशेबात धरत नाही.

या सगळ्या आकड्यांवर एक रास्त आक्षेप येतो आणि तो मला मान्य आहे. वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाइतका नसतो. महागाई वर्षाला ५ टक्के धरली, तर ६९,४२६ रुपयांच्या शेवटच्या हप्त्याची किंमत आजच्या हिशेबाने २६ हजारांच्या आसपास भरते. त्यामुळे सगळे हप्ते सरळ बेरजेत मांडून 'घर दुपटीला पडले' असे म्हणणे पुरते खरे नाही, शिवाय घर घेतले नसते तर भाडे भरावेच लागले असते. परंतु मुंबईत घराचे वार्षिक भाडे साधारणपणे त्याच्या किमतीच्या दोन-तीन टक्क्यांच्या घरात असते. म्हणजे आपल्या उदाहरणातले घर महिन्याला २५ हजारांच्या आसपास भाड्याने मिळेल आणि विकत घेतल्यावर पहिल्या महिन्याचे नुसते व्याजच त्याच्या दुपटीहून जास्त जाईल. 'भाडे म्हणजे पाण्यात घातलेले पैसे' असे ठासून सांगणाऱ्यांनी व्याजाचेही पैसे कुठे जातात याचा एकदा विचार करावा. स्वतःचे घर घेऊ नये असे मी म्हणत नाही. दर अकरा महिन्यांनी टेम्पो भरून दुसरीकडे जाण्याचा त्रास ज्यांनी सोसला आहे, त्यांना स्वतःच्या दाराची किंमत मी सांगण्याची गरज नाही.

व्याजदर स्थिर राहील हे गृहीतकही खरे नसते. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराची, गृहकर्जे रेपो दरासारख्या (रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना कर्ज देते तो दर) बाह्य मानदंडाशी जोडलेली आहेत. मे २०२२ च्या सुरुवातीला ४ टक्के असलेला रेपो दर फेब्रुवारी २०२३ पर्यंत ६.५ टक्क्यांवर गेला. २०२१ मध्ये पावणेसात टक्क्यांनी ८० लाख घेतलेल्या माणसाचा हप्ता ६०,८२९ होता. दीड वर्षानंतर सुमारे ७७ लाख शिल्लक असताना दर सव्वानऊ झाला, तर महिन्याचे व्याजच ५९ हजारांच्या पुढे जाते. हप्ता तोच ठेवला, तर उरलेल्या साडेअठरा वर्षांची मुदत कागदावर चाळीस वर्षे होते. त्या काळात पुष्कळ कर्जदारांचा हप्ता बदलला नाही, म्हणून त्यांना काही घडल्याचे कळलेच नाही. मुदत आतल्या आत वाढत गेली. रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये परिपत्रक काढून दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे करायचे, याची निवड कर्जदाराला देणे बंधनकारक केले, आणि मुद्दल व व्याज किती वसूल झाले व किती हप्ते राहिले याचे तिमाही विवरणही द्यायला सांगितले. ते विवरण ई-मेलमध्ये न उघडता पडून असते, ही आपली बाजू. २०२५ मध्ये रेपो दर पुन्हा खाली आला, तेव्हा आपली मुदत तितकीच मागे आली का, हे किती जणांनी तपासले? नव्या ग्राहकाला रेपोवर कमी स्प्रेड (रेपो दरावर बँक लावते ती जादा टक्केवारी) देणारी बँक जुन्या ग्राहकाला ते आपणहून देईलच असे नाही. त्यासाठी लेखी अर्ज करावा लागतो आणि थोडे शुल्क भरून दर बदलून मिळू शकतो.

कर्जासोबत गळ्यात मारल्या जाणाऱ्या विम्याबद्दल थोडक्यात सांगतो. कर्जदाराच्या पश्चात कुटुंबावर बोजा पडू नये म्हणून विमा हवाच, पण तो बँकेकडूनच एकरकमी हप्ता भरून घेण्याची सक्ती नाही. दोन लाखांचा प्रीमियम कर्जातच मिळवला, तर त्यावरही साडेआठ टक्के व्याज लागते आणि वीस वर्षांत त्याचे ४ लाख १६ हजार होतात. साधा टर्म इन्शुरन्स वेगळा घ्यावा. ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जासोबत सर्व शुल्कांसह वार्षिक दर दाखवणारे मुख्य तथ्य विवरणपत्र देणे बंधनकारक आहे, त्यात ही रक्कम दिसते.

'पण कर वाचतो ना?' असे दरवेळी विचारले जाते. जुन्या करपद्धतीत स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर वर्षाला जास्तीत जास्त २ लाखांची वजावट मिळते. ही मर्यादा २०१४ च्या अर्थसंकल्पात दीड लाखावरून दोन लाखांवर आली आणि तेव्हापासून तिथेच आहे. आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षाचे व्याज पावणेसात लाखांच्या घरात आहे, म्हणजे त्यातल्या पावणेपाच लाखांवर काहीच सवलत नाही, आणि ३० टक्क्यांच्या टप्प्यातल्या माणसाचे उपकरासह वाचतात ६२,४०० रुपये. नव्या करपद्धतीत तर राहत्या घरासाठी ही वजावटच नाही. कर वाचवण्यासाठी कर्ज जास्त वर्षे चालू ठेवावे, हा सल्ला देणाऱ्याने आकडेमोड केलेली नसते.

माझा भाचा सध्या याच विचारात आहे. तो चौतिशीचा आहे आणि त्याला ३० वर्षांची मुदत हवी आहे. 'मामा, हप्ता कमी बसला की उरलेले आठ हजार एसआयपीत टाकीन, तिथे परतावा जास्त मिळतो,' असे त्याचे म्हणणे आहे. तत्त्वतः त्याचे चुकत नाही. खासगी नोकरीत असलेल्या माणसाने कागदावर लांब मुदत घेऊन हप्ता हलका ठेवणे आणि हाती पैसे आले की मुद्दल फेडत राहणे हा शहाणपणाचा मार्ग असू शकतो. परंतु असे वर्षानुवर्षे नेटाने करणारी माणसे मी फार थोडी पाहिली आहेत. ते आठ हजार शाळेच्या फीमध्ये, गाडीच्या हप्त्यात आणि गणपतीला गावी जाण्याच्या खर्चात विरघळतात. मी त्याला एवढेच म्हटले, की तुझे कर्ज फिटेल तेव्हा तू चौसष्ट वर्षांचा असशील, आणि मुंबई महापालिका अधिनियमाच्या कलम ३५३-ब नुसार तीस वर्षे पूर्ण झालेल्या इमारतीचे स्ट्रक्चरल ऑडिट, म्हणजे मजबुतीची तपासणी, करून घ्यावे लागते. म्हणजे शेवटचा हप्ता आणि ऑडिटची वर्गणी बहुधा एकाच सुमारास भरावी लागेल. तो हसला, पण त्याच्या बायकोने २० वर्षांचा तक्ता मागून घेतला.

ज्यांचे कर्ज आधीच चालू आहे, त्यांच्या हाती सर्वांत मोठे साधन मुदतपूर्व परतफेडीचे आहे, आणि ते जितके लवकर वापरावे तितके उपयोगी पडते. आपल्या उदाहरणात तिसऱ्या वर्षाच्या शेवटी ५ लाख रुपये मुद्दलात भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर जवळपास २७ हप्ते कमी होतात आणि १४ लाखांच्या आसपास व्याज वाचते. हेच ५ लाख पंधराव्या वर्षी भरले तर लाभ त्या मानाने पुष्कळच कमी. वैयक्तिक कर्जदाराच्या फ्लोटिंग दराच्या गृहकर्जावर बँकेला यासाठी दंड आकारता येत नाही. फक्त पैसे भरताना 'हप्ता कमी न करता मुदत कमी करावी' असे स्पष्ट लिहून द्यावे, पोच घ्यावी आणि पुढच्या महिन्यात नवा तक्ता मागून उरलेले हप्ते स्वतः मोजावेत. बोनस आला की आधी सोफा बदलायचा की आधी मुद्दल फेडायचे, हा ज्याच्या त्याच्या घरचा प्रश्न आहे, पण निदान त्या सोफ्याची खरी किंमत माहीत असावी.

कर्ज पूर्ण फिटल्यावर ना-हरकत दाखला आणि घराची मूळ कागदपत्रे ३० दिवसांत परत मिळाली पाहिजेत. डिसेंबर २०२३ पासून लागू झालेल्या नियमानुसार बँकेकडून उशीर झाल्यास दिवसाला ५ हजार रुपये भरपाई देय आहे. करारनामा, नोंदणीची पावती, साखळी करार (घराच्या आधीच्या खरेदी-विक्रीचे करार) असतील तर ते, असे सगळे कागद बँकेने कर्ज देताना दिलेल्या यादीशी ताडून घ्यावेत, सरसाईच्या (तारण मालमत्तांच्या केंद्रीय नोंदवहीच्या) नोंदीतून घरावरचा बोजा उतरला आहे याची खात्री करावी आणि महिन्या-दोन महिन्यांनी सिबिलच्या अहवालात ते कर्ज बंद दिसते का तेही पाहावे.