एक दिवसाचा पुणेकर

आमचे साडभाऊ पुण्याचे. त्यात थोरले. एकाच माणसात या दोन्ही गोष्टी जमून आल्या की समोरच्याला मान हलवण्यापलीकडे काम उरत नाही. १५ ऑगस्टला लागून शनिवार-रविवार आला, त्याला त्यांनी सोमवारची रजा जोडली आणि सहकुटुंब आमच्याकडे लक्ष्मीनगरला उतरले. तीन दिवस मी माझ्या परीनं त्यांना नागपूर दाखवलं. म्हणजे फुटाळा तलावावर भाजलेलं कणीस, मेट्रोत एक चक्कर, बर्डीला बायकांची खरेदी आणि संत्रा बर्फी. रविवारी रात्री जेवून हात धुता धुता साडभाऊ म्हणाले, "हे सगळं ठीक आहे हो. पण तुमच्या नागपूरला कला, संस्कृती असं काही आहे की नाही?"

मी काही बोलायच्या आत त्यांनी खिशातून मोबाईल काढला. "उद्याची खासगी टूर बुक केलीय. आठ तास, गाडी, गाईड, सगळं. फक्त आपण दोघं."

"अहो, मी आहे ना दाखवायला!"

"तुम्ही? परवा मी अजब बंगल्यात काय आहे विचारलं, तर म्हणालात, 'आहे बुवा अजब काहीतरी.'"

आता यावर काय बोलणार? अजब बंगल्यात मी शेवटचा गेलो तो चौथीच्या सहलीत, आणि तेव्हाही लक्ष डब्यातल्या आलूच्या पराठ्याकडे होतं.

"एकच अडचण आहे," साडभाऊ आवाज खाली आणून म्हणाले. "गाईडनं फोनवर विचारलं, सोबत कोणी लोकल आहे का. लोकल लोक जागोजागी वाद घालतात म्हणे. मी सांगून टाकलं, दोघंही पुण्याचे, बर्डीच्या हॉटेलात उतरलोय."

त्यामुळे सोमवारी सकाळी, ऑफिसला पोट बिघडल्याचा निरोप धाडून, मी स्वतःच्या घरून ऑटो करून, न उतरलेल्या हॉटेलच्या दारात जाऊन उभा राहिलो. वॉचमननं सलाम ठोकला. मीही ठोकला. ऑटोत साडभाऊंनी माझी तयारी करून घेतली होती. टमाटर नाही, टोमॅटो. आलू नाही, बटाटा. फल्ली नाही, शेंगदाणे. आणि मुख्य म्हणजे 'करून राहिलो', 'जाऊन राहिलो' अजिबात नाही. इथंच माझं घोडं पेंड खात होतं. पुण्याचा माणूस येतोय म्हटलं की आलाच. आमचा येऊन राहिलेला असतो. त्याच्या येण्यातच एक मुक्काम असतो. तो मुक्काम काढून घेतला तर मी बोलायचं तरी काय?

गाईड वेळेवर आली. पोरगी चोवीस-पंचविशीची, खांद्याला झोळी, हातात टॅब. "नमस्कार. आज आपण या शहराचा सांस्कृतिक वारसा जाणून घेणार आहोत," असं तिनं इतक्या शुद्ध मराठीत सांगितलं की साडभाऊंनी नकळत कॉलर नीट केली. मला घाम फुटला. 'आहोत'मधला 'हो' एवढा गोल मी आकाशवाणीवरच ऐकला होता.

पहिला मुक्काम दीक्षाभूमी. म्हणजे गाडी पुन्हा आमच्याच दिशेनं निघाली. आमच्या कोपऱ्यावर रोजचा दूधवाला उभा होता. मी बुटाची नाडी बांधायला खाली वाकलो. पायात चपला होत्या. चौक मागे पडेपर्यंत मी चपलांची नाडी बांधत होतो.

दीक्षाभूमीत उतरल्यावर गाईडनं आम्हाला पार्किंग कुठं, चपला कुठं काढायच्या, रांग कुठून, सगळं हळू आवाजात समजावलं. मी पाहुण्यासारखा ऐकत होतो. पुढचं मात्र मी खरोखरच पाहुण्यासारखा ऐकलं. १४ ऑक्टोबर १९५६, त्या दिवशी विजयादशमी होती. बाबासाहेबांनी इथं धम्मदीक्षा घेतली आणि लाखोंना दिली. हे मला माहीत होतं. पण स्तूप एरवी भरीव असतात आणि हा आतून पोकळ आहे, म्हणून डोक्यावर एवढा मोठा घुमट घेऊन आपण आत उभे राहू शकतो, हे मी कधी मान वर करून पाहिलं नव्हतं. शिवदान मल या वास्तुविशारदाचं हे काम. लोकार्पण १८ डिसेंबर २००१ ला राष्ट्रपती के. आर. नारायणन यांच्या हस्ते झालं. "दसऱ्याला इथं येणारी माणसं परत जाताना पुस्तकं घेऊन जातात," गाईड म्हणाली. दर दसऱ्याला मी काय करतो? रस्ते बंद असतात म्हणून कुरकुरत गाडी दुसरीकडून काढतो. साडभाऊ शांतपणे डोळे मिटून बसले होते. मीही बसलो. घरापासून पायी वीस मिनिटांवर.

तिथून झिरो माइल. इथं मी तिला पकडणार असं सकाळपासून ठरवून ठेवलं होतं. भारताचा मध्यबिंदू! लहानपणापासून या एका दगडावर आम्ही मान ताठ ठेवून आहोत. राजधानी नसेना का, मध्य तर आहोत. वाळूच्या दगडाचा खांब आणि उधळलेले चार घोडे दाखवून झाल्यावर ती म्हणाली, "याला देशाचा मध्य म्हणतात खरं, पण त्यावर एकमत नाही. खरं मोल आहे ते या १९०७ सालच्या दगडाचं. ब्रिटिशांच्या त्रिकोणमितीय सर्वेक्षणात समुद्रसपाटीपासूनची उंची मोजायला तो बसवला."

"म्हणजे मध्य नाही?" माझा आवाज जरा जास्तच कातर झाला असावा.

"आपण पुण्याचे ना सर? आपल्याला काय फरक पडतो?"

फरक! माझ्या पायाखालचा देश सरकला होता. आणि नेमक्या त्याच वेळी रस्त्यावरून स्कूटर थांबल्याचा आवाज आला.

"काऊन बे! पोट बिघडलं म्हने तुयं? इथं घोडे पाहून राह्यला का?"

आमच्या ऑफिसातला. शेजारच्या टेबलाचा. मी सगळा धीर एकवटून म्हणालो, "माफ करा, आपली काहीतरी गल्लत होते आहे." हेल्मेटची काच वर करून तो माझ्याकडे पाहतच राहिला, मग काही न बोलता निघून गेला. दुसऱ्या दिवशी ऑफिसात मला कळलं की पुण्याला माझा जुळा भाऊ असून तो फार शिष्ट आहे.

यानंतर अजब बंगला. १८६३ सालचं संग्रहालय. सोमवारी बंद. फाटकाबाहेर उभं राहून गाईडनं टॅबवर शिल्पं दाखवली, नाणी दाखवली, शिलालेख दाखवले, पेंढा भरलेली जनावरं दाखवली. आम्ही एकदा टॅबकडे, एकदा भिंतीकडे पाहत होतो. साडभाऊंनी फाटकाचा फोटो काढला. मग सीताबर्डीचा किल्ला. १८१७ च्या नोव्हेंबरात इथं आप्पासाहेब भोसल्यांची फौज आणि कंपनी सरकारची लढाई झाली. किल्ला लष्कराच्या ताब्यात; सामान्यांसाठी वर्षातून तीनच दिवस उघडतो: २६ जानेवारी, १ मे आणि १५ ऑगस्ट. "म्हणजे परवाच उघडा होता?" साडभाऊंनी माझ्याकडे वळून विचारलं. परवा आम्ही फुटाळ्यावर कणीस खात होतो. पण मी पुण्याचा असल्यामुळे मला काही सांगता आलं नाही. हायकोर्टाची १९४० सालची घुमटाची इमारत तेवढी गाडीतून दिसली. ती बिचारी बंद असो वा चालू, बाहेरूनच पाहायची.

कस्तुरचंद पार्कजवळ तर्री पोहे झाले. इथं एरवी मी पोह्यात तर्री नाही, तर्रीत पोहे घेतो. आज मात्र ठेलेवाल्यानं तर्रीची पळी उचलली तसं मी "थोडीच, थोडीच" म्हणत हात आडवा धरला. आयुष्यात एवढा मोठा त्याग केला नव्हता. साडभाऊंनी तर्रीवरचा लाल तवंग चमच्यानं बाजूला सारून खालचे पोहे वेचून खाल्ले. आमच्या डोळ्यांदेखत.

दुपारी सावजी. श्रावणी सोमवार असल्यानं मटण-चिकनचा प्रश्नच नव्हता. गाईडनं पाटोडी रस्सा सुचवला. शाकाहारी म्हणजे सौम्य, असा साडभाऊंचा समज झाला, आणि तो दूर करणं पुण्याच्या माणसाला शोभलं नसतं. विणकरी करणाऱ्या कोष्टी घरांतून हे जेवण आलं, असं गाईड सांगत असताना ताटं आली. काळपट रस्सा, वर बोटभर तेल, मधे बेसनाच्या पाटोड्या बुडालेल्या. साडभाऊंनी पहिला घास घेतला. काही क्षण काहीच झालं नाही. मग कान लाल झाले. मग चष्मा काढून त्यांनी तो टेबलावर ठेवला, रुमाल काढला आणि ते कोणाशीही न बोलता छताकडे पाहू लागले.

मलाही तिखट लागणं भाग होतं. घाम येईना, म्हणून मी ग्लासातल्या पाण्याचे दोन थेंब कपाळावर लावले आणि "हाश्श हुश्श" करत खाऊ लागलो. पण झालं असं की रस्सा फारच जमून आला होता. तिसऱ्या भाकरीला माझं भान सुटलं आणि वाढप्याला मी म्हणालो, "भाऊ, वरून जरा सांबार टाका ना."

टेबलावर शांतता पसरली. साडभाऊ छतावरून खाली आले. "रश्शावर सांबार?"

"म्हणजे... ते इडलीसोबतचं. मिळतं का, असं विचारत होतो," मी सावरलो. वाढप्यानं माझ्याकडे करुणेनं पाहिलं आणि मूठभर चिरलेली कोथिंबीर आणून रश्शावर पेरली. गाईड खाली मान घालून भाकरी मोडत होती. तिच्या खांद्यांना जरा हिसके बसत होते, पण मला वाटलं, तिलाही तिखट लागलं असेल.

महालात गांधी गेट पाहिलं. जुनं नाव जुम्मा दरवाजा. मारबती चार-पाच दिवसांवर आल्या होत्या. तान्ह्या पोळ्याला त्या निघतात. काळी मारबत १८८१ पासून, पिवळी १८८५ पासून. बांबू, कागद, कापडाच्या या मोठमोठ्या बाया वाजतगाजत गावाबाहेर नेऊन जाळायच्या. सोबत बडगे, म्हणजे त्या वर्षी लोकांना ज्याचा ज्याचा राग आला त्याचे पुतळे. लहानपणी काकांच्या खांद्यावर बसून मी "ईडा पीडा घेऊन जा गे मारबत" ओरडलेलो. घसा बसेपर्यंत. ते ओठांपर्यंत आलं होतं, मी खोकला काढला.

"पण जिला घालवायचं तिची मिरवणूक काढता? सजवता?" साडभाऊंनी विचारलं.

"निरोप चांगलाच द्यावा ना सर," गाईड म्हणाली. साडभाऊंची गाडी त्याच रात्रीची होती. मी मारबतीकडे पाहत राहिलो.

शेवटी चितार ओळ. गणपती नऊ दिवसांवर आले होते. रस्त्याच्या दोन्ही अंगांना ताडपत्र्या, पावसानं त्यांना पोटं आलेली, आणि खाली ओळीनं गणपती. काही अजून नुसत्या मातीचे, काही पांढरे, काही कमरेपर्यंत रंगलेले. ओल्या मातीचा आणि रंगाचा वास एकमेकांत मिसळलेला. एका दुकानात एक म्हातारे कारागीर उकिडवे बसून डोळे लिहीत होते. ब्रशाला मोजून चार केस असावेत. डाव्या हाताच्या करंगळीवर उजवं मनगट टेकवलेलं. श्वास रोखला, काळी रेघ नाकाजवळून उचलली, कानाकडे नेली आणि सोडली. एवढा वेळ नुसती माती असलेला तो एकदम आमच्याकडे पाहू लागला. साडभाऊ पण गप्प झाले. गाईडही काही बोलली नाही. टूरमधला तेवढाच अर्धा मिनिट कोणी काही समजावलं नाही.

म्हाताऱ्यांनी ब्रश बाजूला ठेवला, मान वर केली आणि त्यांची नजर गणपतीवरून माझ्यावर आली.

मी पाठ फिरवली. उशीर झाला होता.

"काऊन भाऊ? तोंड काऊन लपवून राह्यले? बावीस वर्षं झाले आपल्याकडूनच नेता. यंदा इसार नाही दिला अजून. दुसरीकडून घेऊन राह्यले का?"

"नाही हो काका!" माझ्या तोंडून बांधच फुटला. "कायचं दुसरीकडून! मी येऊनच राहिलो होतो, पण हे पाहुणे आले ना पुण्याहून, मंग जमलंच नाही. तोच दीड फुटाचा ठेवजा, लोडाला टेकलेला."

बोलून झालं आणि मग मला आजूबाजूचं जग आठवलं. साडभाऊंनी डोळे मिटून घेतले होते. मी गाईडकडे वळलो. काय बोलावं सुचेना. "मॅडम, म्हणजे... आपण वाद घातला नाही ना कुठं."

ती झोळी सावरत हसली. "जाऊ द्या ना काका. तुम्ही सांबार म्हटला ना, तवाच समजलं होतं मले." सकाळपासूनचा तो गोल 'हो' कुठल्या कुठं गेला होता. "पन तुम्ही इतकं जिवावर येऊन शुद्ध बोलून राह्यले होते, म्हटलं आपनही रेटू. आठ तास झाले, जबडा दुखून राह्यला माया."

"तुम्ही कुठल्या?"

"गोंदियाची. मावशीकडे राहतो इथं."

मग आम्ही तिघं, म्हणजे मी, ती आणि मूर्तिकार काका, जे बोलत सुटलो ते थांबेचना. झिरो माइलच्या मध्याचं मी उकरून काढलंच. ती म्हणाली नाही, मी म्हटलं आहे, काकांनी मला दुजोरा दिला. मूर्तीचे पाचशे रुपये इसार दिले. साडभाऊ दोन-तीनदा म्हणाले, "मला समजेल असं कोणी बोलेल का?" पण त्यांच्याकडे लक्ष द्यायला कोणाला सवड नव्हती. त्यांनी गणपतीचा फोटो काढला.

अंधार पडायला आला तसे गाडीत बसलो. ड्रायव्हरनं विचारलं, "हॉटेलवरच सोडायचं ना, साहेब?"

साडभाऊंनी माझ्याकडे पाहिलं. मी खिडकीबाहेर.

"हॉटेल नाही भाऊ," गाईड पुढच्या सीटवरून म्हणाली, "लक्ष्मीनगर घ्या. काका सकाळी चपलीची नाडी बांधून राह्यले होते ना, त्याच कोपऱ्यावर."